आयत चिरला की गुणाकार उलगडतो
(गणित दिसतं तेव्हा : लेखांक ५)

अंड्यांचा पुठ्ठ्याचा ट्रे समोर ठेवा. सहाच्या पाच रांगा, तीस खळगे. आता तो आडवा फिरवा. पाचच्या सहा रांगा झाल्या, खळगे मात्र तेच. पाच सक तीस आणि सहा पंचे तीस हे मुलाला वेगवेगळं पाठ करावं लागत होतं, ते एकाच वस्तूत दिसलं. घाटकोपर-मुलुंडच्या ज्या घरांत अंडी चालत नाहीत, तिथे खोलीतल्या लाद्या मोजा.

गुणाकाराची ओळख आपण सहसा गटांनी करून देतो : तीन टोपल्या, प्रत्येकीत चार आंबे. सुरुवातीला हे ठीक. पण टोपल्यांचं चित्र फिरवता येत नाही आणि कापताही येत नाही. रांगांचा आयत दोन्ही करू देतो, म्हणून माझा कौल आयताला.

सात आठे अडलं? ठिपक्यांच्या आठ स्तंभांपैकी पाचानंतर पेन्सिल उभी ठेवा. डावीकडे सात पंचे पस्तीस, उजवीकडे सात त्रिक एकवीस, मिळून छप्पन्न. पाढा पाठ असावाच. पण विसरला तर तो पुन्हा उभा करण्याची वाट मुलाच्या हातात हवी.

खरी परीक्षा दोन अंकी गुणाकारात. २३ × १४ करताना कितीतरी मुलं वीस दाहे दोनशे, तीन चोक बारा करून २१२ लिहितात. त्यावर नुसती फुली मारून काय साधणार? चौकटीच्या वहीत २३ घरं लांब, १४ घरं उंच आयत काढायला सांगा. लांबी २० आणि ३ अशी चिरा, उंची १० आणि ४ अशी. चार तुकडे होतात : २००, ३०, ८० आणि १२. मुलानं धरलेले दोन तुकडे रंगवले की कोरे राहिलेले ३० आणि ८० आपोआप डोळ्यांत भरतात. हरवलेले एकशे दहा सापडले, उत्तर ३२२. उभ्या मांडणीतली दुसरी ओळ शून्य देऊन का सुरू होते, तेही इथेच कळतं : ती ओळ म्हणजे वरचे दहाचे तुकडे, २३०.

ही रीत परकी मुळीच नाही. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (इ. स. ११५०) १३५ ला १२ नं गुणण्याचं उदाहरण आहे आणि तिथे १२ चे ८ व ४ असे खंड करण्याची रीत दिली आहे. आयत तीच गोष्ट कागदावर मांडतो. मानखुर्दच्या होमी भाभा विज्ञान शिक्षण केंद्रातल्या संशोधकांनीही क्षेत्रफळाचं मापन आणि गुणाकाराचा विचार यांच्या नात्याचा अभ्यास केला आहे. मुलांना ‘लांबी गुणिले रुंदी’ हे सूत्र येतं, पण त्यामागच्या रांगा दिसतातच असं नाही.

आपल्या उपनगरांत याला आणखी एक मोल आहे. महापालिकेच्या शाळा मराठी, हिंदी, उर्दू, गुजरातीसह आठ माध्यमांत चालतात. एकाच इमारतीतली मुलं वेगवेगळ्या भाषांत पाढे म्हणतात. आयत सगळ्यांचा एकच. शिकवणीत घरची भाषा एक आणि शाळेची दुसरी असलेलं मूल बसलं असेल, तर आधी चित्र काढून घ्या, शब्द मागून येऊ द्या.

एक काळजी मात्र घ्या. मूल एकेक चौकट मोजत बसलं, तर चित्र असून नसल्यासारखं. अशा वेळी आयताच्या मधल्या भागावर पुठ्ठा ठेवा, फक्त वरची रांग आणि डावा स्तंभ उघडा ठेवा आणि विचारा, “झाकलेली धरून एकूण किती? कसं ठरवलंस?”

या आठवड्यात १६ × १३ चा आयत मुलाकडून काढून घ्या. तो कुठे चिरायचा, हे त्यालाच ठरवू द्या; १६ चे ८ आणि ८ केले तरी बिघडत नाही, बेरीज २०८ च यायला हवी. वही जपून ठेवा. पुढच्या लेखांकात हाच आयत एक बाजू पुसून भागाकारासाठी लागणार आहे.