घरातील बंदूक आणि तिची तिजोरी

जुन्या घरांतून बंदुकीची जागा खुंटीवर असे. कोकणातल्या शेतकऱ्याच्या पडवीत रानडुकरांसाठी बाळगलेली ठासणीची बंदूक, ग्वाल्हेर-इंदुरकडील सरदारी दिवाणखान्यात आडवी टांगलेली दुनळी, कोडगूमधील कोडव घराण्यात पूजेला लागणारी बंदूक, ह्या सर्व आल्यागेल्याच्या डोळ्यांसमोर असत. किंबहुना त्या दिसाव्यात हाच त्यांच्या मांडणीचा हेतू असे. घराचे दार दिवसभर उघडे राही हे खरे, पण घरात माणसेही दिवसभर असत आणि बंदुकीवर कोणाची ना कोणाची नजर राही. आज दिवसा निर्मनुष्य असणाऱ्या सदनिकेत ती खुंटी निरुपयोगी झाली आहे. बंदूक दिसू नये, हलू नये आणि भलत्या हाती पडू नये अशी तजवीज आता करावी लागते. आणि ह्या तजविजीचे रोकडे रूप म्हणजे वास्तूला पक्की जखडलेली लोखंडी तिजोरी.

शस्त्रास्त्रांसंबंधीचा 1959 चा अधिनियम 1 ऑक्टोबर 1962 पासून अंमलात आला. त्याखालील 1962 च्या नियमांची जागा 2016 च्या नियमांनी घेतली, आणि 2019 च्या दुरुस्तीने एका व्यक्तीला बाळगता येणाऱ्या बंदुकांची संख्या तीनावरून दोनावर आणली. ह्या सर्व कायद्यात गृहस्थाने ध्यानात ठेवावयाची गोष्ट अशी की, परवाना घराला मिळत नाही, व्यक्तीला मिळतो. एकवीस वर्षांखालील मुलाची गोष्ट तर सोडाच, पण परवानाधारकाची पत्नी किंवा त्याचा कर्ता मुलगा ह्यांनाही, त्यांची तशी नोंद असल्याखेरीज, ते शस्त्र आपल्या ताब्यात ठेवण्याचा अधिकार नसतो. तिजोरीची चावी देवघराच्या कोनाड्यात सर्वांना ठाऊक अशी ठेवलेली असली, तर शस्त्र नेमके कोणाच्या ताब्यात आहे, हा प्रश्न एखाद्या दुर्दैवी प्रसंगी फार अवघड होऊन बसतो. परवाना निलंबित वा रद्द करण्याचा अधिकार परवाना देणाऱ्या अधिकाऱ्यास आहेच. कोडगूमधील कोडवांना परवान्याच्या अटीतून पूर्वापार सूट आहे आणि 2019 मध्ये ती 2029 पर्यंत वाढविण्यात आली. परंतु ती सूट परवान्यापुरती आहे. सांभाळण्याच्या जबाबदारीतून कोणाचीच सुटका नाही.

तिजोरी चोरासाठी असते, असा सर्वसाधारण समज आहे. चोर हा खरोखर दुसरा. पहिला धोका घरातच असतो, आणि तो बहुधा दुष्टाव्यातून उद्भवत नाही. सुटीत आलेला आठ-दहा वर्षांचा भाचा, भांडणाच्या भरात विवेक हरपलेला भाऊ, परीक्षेच्या किंवा कर्जाच्या ओझ्याखाली खचलेला तरुण, ह्यांपैकी कोणीही घरफोड्या नसतो. परंतु त्या एका घटकेला शस्त्र हाताशी असणे आणि नसणे ह्यांत जीवनमरणाचे अंतर असते. अशी घटका बहुतेकदा ओसरते. ती ओसरेपर्यंत मध्ये एक कुलूप असणे हे तिजोरीचे सर्वांत मोठे कार्य होय. घरातील कोणी माणूस अशा मनःस्थितीत आहे असे दिसल्यास तिजोरीवरही विसंबू नये. बंदूक परवानाधारक शस्त्रविक्रेत्याकडे किंवा पोलीस ठाण्यात रीतसर जमा करून पावती घ्यावी. निवडणुकीच्या वेळी कित्येक परवानाधारक असे करतातच. घरातल्या माणसासाठी ते करण्यात कमीपणा कसला?

आता प्रत्यक्ष तिजोरीकडे वळू. मुंबईत लालबागला अर्देशीर गोदरेज ह्यांनी 1897 मध्ये कुलपांचा कारखाना काढला आणि पुढे तिजोऱ्याही बनविल्या; तेव्हापासून ‘तिजोरी’ म्हटले की आपल्याकडे दागिने आणि दस्तऐवज डोळ्यांपुढे येतात. बंदुकीची गरज थोडी निराळी. दुनळी बंदूक उभी ठेवावयाची तर सव्वा मीटरहून उंच कपाट लागते, आणि एवढे उंच कपाट पातळ पत्र्याचे असण्याचा संभव फार. कपड्यांच्या लोखंडी कपाटाचा सुमारे 1 मिलिमीटरचा पत्रा लोखंड कापण्याच्या साध्या कात्रीनेही उघडता येतो. दुनळी मात्र नळ्या, नळ्यांखालचा लाकडी भाग आणि दस्ता अशी तीन भागांत सहज मोकळी होते. तिच्या 30 इंची नळ्यांची लांबी 76 सेंटिमीटर. म्हणजे 80-85 सेंटिमीटर लांबीची, जाड पत्र्याची, जमिनीलगत बसणारी बुटकी पेटी पुरते. सदनिकेसाठी उंच कपाटापेक्षा अशी बुटकी पेटी बरी. ती पलंगाखाली किंवा कपाटाच्या तळाशी दडते, आणि उंच कपाटाप्रमाणे वरून ओढून आडवी पाडता येत नाही. काडतुसांना त्याच पेटीत निराळ्या कुलपाचा कप्पा असावा, किंवा मुळीच दुसरी जागा असावी. आगीपासून रक्षण करणारी म्हणून विकली जाणारी तिजोरी घेताना जरा विचार करावा. तिच्या पोटातील भराव पाणी धरून ठेवतो, त्या पाण्याची वाफ होऊन आतील कागद वाचतात. पण तेच पाणी एरवी सावकाश ओल सोडते आणि नळीवर गंज चढवते.

तिजोरी जड आहे, तेव्हा ती कोण नेणार, असे म्हणणारे पुष्कळ भेटतात. दीडशे किलोंची तिजोरी ज्या हमालांनी तिसऱ्या मजल्यावर चढविली, तेवढीच माणसे ती खाली उतरवू शकतात, हे त्यांच्या ध्यानात येत नाही. नेऊन सवडीने फोडणे हाच चोराचा सोपा मार्ग असतो. जागच्या जागी फोडावयाची झाल्यास तो पहार लावतो, आणि पहारीचे गणित कठोर आहे. टेकू कडेपासून 5 सेंटिमीटरवर आणि हात 1 मीटरवर असेल, तर 40 किलोंचा दाब कडेशी 800 किलोंचा होतो. म्हणून पहार शिरावयास फटच राहू नये आणि ती फिरविण्यास जागा मिळू नये, ही बसविण्याची दोन तत्त्वे ठरतात. दोन भिंतींचा कोपरा ह्यासाठी उत्तम. दाराची जी कड उघडते ती भिंतीकडे यावी आणि बिजागऱ्या मोकळ्या बाजूस राहाव्यात. म्हणजे दार तर पुरते उघडते, पण उघडत्या कडेशी पहारीला वाव राहत नाही.

बोल्ट कशात बसतो, ह्यावर पुढचे सर्व अवलंबून आहे. सिमेंट-काँक्रीटच्या स्लॅबमध्ये ज्याला कारागीर ‘अँकर फास्टनर’ म्हणतात तो, नट आवळला की आत फुगून घट्ट बसणारा बोल्ट चांगला काम देतो. 12 मिलिमीटर जाडीचे चार बोल्ट, प्रत्येक काँक्रीटमध्ये सुमारे 70 मिलिमीटर खोल, एवढे साध्या पेटीस पुरेसे आहेत. परंतु येथे एक चूक हटकून होते. फरशी आणि तिच्याखालचा मसाला ह्यांचीच जाडी आपल्याकडे पाच-सात सेंटिमीटर असते. आखूड बोल्ट त्या मसाल्यातच संपतो. वरून घट्ट वाटतो, आणि पहारीच्या पहिल्या हिसक्याला फरशीसकट वर येतो. भोक पाडताना येणाऱ्या भुकटीचा रंग आणि यंत्राला होणारा विरोध बदलला, म्हणजे काँक्रीट लागले. तेथून पुढची 70 मिलिमीटर मोजावी. उलट पक्षी, स्लॅब पुष्कळदा 10 ते 15 सेंटिमीटरच जाड असतो, तेव्हा उत्साहाच्या भरात खालच्या शेजाऱ्याच्या छतातून बाहेर पडू नये. मध्ये लोखंडी सळई लागल्यास ती कापू नये, भोक सरकवावे. न्हाणीघरालगत आणि गच्चीवर भोके पाडूच नयेत, कारण तेथील जलरोधक थर एकदा फुटला की गळती वर्षानुवर्षे पुरते. विजेच्या व पाण्याच्या नळ्या कोठून गेल्या आहेत, हे आधी पाहावे हे सांगणे नकोच.

तळमजल्यावरील जुन्या घरात, शहाबादी फरशीखाली नुसता मुरूम आणि दगडगोटे असतात. तेथे कोणताही बोल्ट धरत नाही. अशा ठिकाणी फरशी उचलून हात-दीड हात खोल खड्डा घ्यावा, त्यात 1:2:4 प्रमाणाचे काँक्रीट घालावे आणि ते ओले असतानाच, पेटीच्या भोकांच्या मापाने, खाली वाकविलेले बोल्ट उभे करावेत. आठवडाभर त्यावर पाणी मारावे आणि घाई न करता, शक्यतो महिन्याने, पेटी बसवावी. काँक्रीटला पूर्ण बळ येण्यास अठ्ठावीस दिवस धरतात. हे काम धिमे असले तरी ह्याच्याइतके भक्कम दुसरे नाही.

भिंतींची जात ओळखावी लागते. वाड्याच्या हात-दोन हात जाडीच्या भिंतीत पूर्वी बळदे असत आणि त्यांत घरातील चीजवस्तू दडविली जाई. तशी भिंत लाभली असेल तर तिजोरी आतच चिणून टाकावी. नऊ इंची विटांच्या भिंतीत बोल्ट विटेच्या मध्यात घ्यावा, सांध्यातील चुन्यात घेऊ नये. अर्ध्या विटेच्या आडभिंतीवर, आणि अलीकडच्या इमारतींतील हलक्या सच्छिद्र ठोकळ्यांच्या भिंतीवर, फुगणारा बोल्ट मुळीच वापरू नये. तो फुगताना ठोकळ्याचाच चुरा करतो. तेथे राळेसारखे रसायन भरून बोल्ट चिकटवावा, किंवा पलीकडची खोलीही आपलीच असल्यास बोल्ट आरपार नेऊन पलीकडे लोखंडी पट्टी लावावी. कोणत्याही भिंतीत नट पेटीच्या आत यावा, हे उघडच आहे. वरच्या मजल्यावर वजनाचाही विचार हवा. राहत्या घराची जमीन दर चौरस मीटरला सुमारे 200 किलोंचा भार धरून आखलेली असते. तेव्हा तीन-चारशे किलोंची तिजोरी स्थापत्य अभियंत्याला विचारल्यावाचून खोलीच्या मधोमध ठेवणे शहाणपणाचे नाही. भिंतीलगत, तुळईच्या जवळ, ती अधिक निर्धास्त राहते.

कामाच्या दिवशी पेटी गोणपाटात गुंडाळून आणावी. त्यात काय राहणार हे गवंडी, हमाल किंवा उद्वाहनातील शेजारी ह्यांना सांगण्याचे कारण नाही. दागदागिने म्हणून तर मुळीच सांगू नये, कागदपत्रे म्हणावे.

मुंबई, गोवा, कलकत्ता येथल्या पावसाळ्यात बंद पेटी ही गंजाची पेटीच होऊन बसते. पेटी भिंतीला अगदी चिकटवू नये. मध्ये रबराची पातळ पट्टी द्यावी, पण ती इतकी पातळ की पहार शिरणार नाही. आत ओल शोषणाऱ्या सिलिका जेलच्या पुड्या ठेवाव्या आणि रंग बदलल्यावर त्या तापवून पुन्हा घालाव्या. कातडी म्यान दिसावयास रुबाबदार असले तरी बंदूक त्यात कधीही साठवू नये, कारण कातडे ओल धरते. तेलाचा हात फिरविलेली उघडी नळी अधिक सुरक्षित.

आकड्यांच्या कुलपाला लोक आपले जन्मवर्ष देतात आणि बटणांपैकी चारच झिजलेली दिसू लागतात. किल्लीचे साधे पण चांगले कुलूप ह्या देशातील हवेत अधिक भरवशाचे वाटते. एक किल्ली परवानाधारकाच्या अंगावर असावी आणि दुसरी बँकेच्या लॉकरमध्ये. परवानाधारक निवर्तल्यावर वारसांनी शस्त्र वाजवीहून अधिक विलंब न करता पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा केले पाहिजे, असे कायदा सांगतो. किल्ली कोठे आहे, परवान्याचा क्रमांक काय आणि जमा कोठे करावयाचे, एवढे तीन ओळींत लिहून ते मृत्युपत्रासोबत बंद लखोट्यात ठेवल्यास विधवेला लोहार बोलवावा लागत नाही. शस्त्र हरवले किंवा चोरीस गेले, तर त्याच दिवशी ठाण्यात वर्दी द्यावी.

खंडेनवमीला बंदूक बाहेर निघतेच. कोडगूमध्ये कैलपोळ्दच्या सणालाही ती निघते. नळी रिकामी आहे ना हे दोनदा पाहून पूजा व्हावी, आणि ती पुन्हा आत ठेवण्यापूर्वी पाना घेऊन चारही नट एकेक करून तपासावेत. पहिल्या वर्षी निदान एक तरी किंचित सैल झालेला सापडतो.