सुबाभूळ : गुण आणि दोष

बांधावर आणि पडीक जमिनीत आज आपोआप उगवणारी सुबाभूळ मूळची येथील नव्हे. दक्षिण मेक्सिको व मध्य अमेरिका हे तिचे माहेर. महाराष्ट्रात तिचा प्रसार करण्यात मणिभाई देसाई यांनी उरुळीकांचन येथे १९६७ साली स्थापिलेल्या ‘बाएफ’ संस्थेचा मोठा वाटा आहे.

या झाडाचे गुण उघड आहेत. ते झपाट्याने वाढते. पाला पौष्टिक असून लाकूड जळणास व कागदाच्या लगद्यास उपयोगी पडते. मुळांवरील गाठींतील जीवाणू हवेतील नत्र बांधून ठेवतात, त्यामुळे जमिनीचा कसही सुधारतो.

तथापि पाल्यात मिमोसीन नावाचे विषद्रव्य असते. त्यामुळे घोड्यांचे केस झडतात. गुरांना अति खाऊ घातल्यास गलगंड होतो. हवाई बेटांतील शेळ्या मात्र हाच पाला खाऊन निरोगी राहतात. त्यांच्या पोटातील एक जीवाणू या विषाचा नाश करतो, असे संशोधनांती आढळले.

दुसरा दोष अधिक गंभीर होय. शेंगा विपुल लागतात, कठीण कवचाचे बी जमिनीत दीर्घकाळ टिकते आणि तोडलेला बुंधा पुन्हा फुटतो. परिणामी दाट जाळी माजून स्थानिक रोपांना उजेड मिळत नाही. जगातील शंभर अत्यंत उपद्रवी आगंतुक जातींत म्हणूनच तिची गणना झाली आहे.

यास्तव शेंगा पिकण्यापूर्वीच छाटणी करावी, वैरणीत पाला बेतानेच मिसळावा, आणि जंगलाच्या किंवा ओढ्याच्या काठी ही लागवड मुळीच करू नये.