गृहकर्जाची खरी किंमत

हिंदू विधीत दामदुपट नावाचा एक जुना नियम आहे. धनकोने ऋणकोकडून एका वेळी वसूल करावयाचे व्याज मुद्दलाहून अधिक असता कामा नये, असा त्याचा आशय. मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी ब्रिटिश अमदानीतही तो मान्य केला होता. शंभर रुपये कर्जाऊ दिले, तर व्याज कितीही थकलेले असो, एका वेळी दोनशेच्या वर मागणी करता येत नसे. आज जो नोकरदार मनुष्य घरासाठी वीस वर्षांच्या मुदतीने कर्ज काढतो, तो बहुधा मुद्दलाच्या दुपटीहून अधिक रक्कम परत करतो. तरीही त्या जुन्या नियमाशी या व्यवहाराचा विरोध येत नाही, कारण येथे व्याज साचूच दिले जात नाही. ते दरमहा, न चुकता, हप्त्याच्या पोटी फेडले जाते. साचलेले व्याज डोळ्यांत भरते. थोडे थोडे फेडलेले व्याज कोणी मोजत नाही.

आपल्या देशात ही पद्धत फार जुनी नव्हे. पूर्वी मध्यमवर्गीय मनुष्य घर बांधी ते निवृत्तीच्या सुमारास, भविष्यनिर्वाह निधी व उपदान हाती आल्यावर. १९७० मध्ये गृहनिर्माण व नगरविकास महामंडळ (हडको) स्थापन झाले, तरी व्यक्तीला थेट दीर्घ मुदतीचे कर्ज देण्याची वाट रुंद झाली ती हसमुखभाई पारेख यांनी १९७७ मध्ये एचडीएफसी ही संस्था सुरू केल्यानंतर. १९८८ मध्ये राष्ट्रीय गृहनिर्माण बँक अस्तित्वात आली आणि पुढील दशकांत व्यापारी बँकाही या क्षेत्रात उतरल्या. साठीला मिळणारे घर तिशीत मिळू लागले. हा लाभ लहान नाही, आणि पुढील विवेचन वाचताना तो विसरता कामा नये. भाड्याच्या खोलीत काढावी लागणारी पंचवीस-तीस वर्षे कर्जाने वाचविली. प्रश्न एवढाच, की त्याबद्दल नेमके किती मोल द्यावे लागते.

एक उदाहरण घेऊ. समजा, एका शिक्षिकेने ३० लाख रुपयांचे कर्ज दरसाल ९ टक्के व्याजाने २० वर्षांच्या मुदतीसाठी घेतले. मासिक हप्ता येतो सुमारे २६,९९२ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज ६४ लाख ७८ हजार रुपये होते. म्हणजे ३० लाखांच्या वापराबद्दल ३४ लाख ७८ हजार रुपये व्याज. ही बेरीज स्वतः करून पाहणारा ऋणको विरळाच. तो विचारतो, ‘हप्ता किती?’ आणि तो पगारात बसतो असे दिसताच सही करतो.

व्याज इतके का होते, हे समजण्यासाठी हप्त्याच्या आत डोकावले पाहिजे. पहिल्या महिन्यात ३० लाखांवरील व्याज २२,५०० रुपये होते. हप्त्यातून ते वजा जाता मुद्दलापोटी उरतात अवघे ४,४९२ रुपये. दुसऱ्या महिन्यात व्याज त्या ४,४९२ रुपयांवर भरावे लागत नाही, म्हणून ते सुमारे ३४ रुपयांनी घटते, आणि तेवढेच मुद्दलाकडे अधिक वळतात. हप्ता तोच राहतो. त्यातील वाटणी मात्र गोगलगाईच्या गतीने बदलत जाते. पहिल्या वर्षात आपली शिक्षिका ३ लाख २४ हजार रुपये भरते आणि कर्ज कमी होते ५६ हजारांनी. हप्त्यातील मुद्दलाचा भाग व्याजाच्या भागाहून मोठा होतो तो १४९ व्या महिन्यात, म्हणजे बारा वर्षे उलटून गेल्यावर. दहा वर्षे संपली की मुदत अर्धी सरलेली असते, भरणा ३२ लाख ३९ हजारांचा झालेला असतो, आणि शिल्लक कर्ज असते २१ लाख ३१ हजार. निम्मे कर्ज फिटावयास चौदा वर्षे लागतात. शेवटच्या हप्त्यात मात्र व्याज जेमतेम दोनशे रुपयांचे असते.

यात धनकोची लबाडी आहे असे अनेकांना वाटते. ‘बँक आधी सगळे व्याज काढून घेते’ हे वाक्य कचेऱ्यांतून नेहमी ऐकू येते. ते खरे नाही. जितके कर्ज शिल्लक, तितक्यावरच व्याज, हा हिशेब सरळ आहे. पहिल्या वर्षी व्याज अधिक, कारण पहिल्या वर्षी कर्जच अधिक. लबाडी नसली तरी पद्धतीत फरक मात्र असू शकतो. ऐंशी-नव्वदच्या दशकांत अनेक गृहवित्त संस्था व्याजाची आकारणी वार्षिक शिलकेवर करीत. वर्षभर भरलेले हप्ते मुद्दलातून वजा होत ते वर्षाच्या अखेरीस. वरील उदाहरणात या पद्धतीने हप्ता २७,३८७ रुपये येईल आणि वीस वर्षांत सुमारे ९५ हजार रुपये अधिक भरावे लागतील. कागदावरचा दर दोन्हीकडे ९ टक्केच!

तेव्हा दर हे किमतीचे एक अंग झाले. त्याहून प्रबळ अंग म्हणजे मुदत. दरासाठी लोक चार बँकांचे उंबरठे झिजवितात. आपल्या उदाहरणात दर अर्ध्या टक्क्याने उतरून साडेआठ झाला, तर वीस वर्षांत सुमारे २ लाख ३० हजार रुपये वाचतील. तोच ९ टक्के दर ठेवून मुदत पंधरा वर्षे केली, तर हप्ता ३०,४२८ रुपये होईल, म्हणजे ३,४३६ रुपयांनी वाढेल, आणि व्याजात वाचतील १० लाख रुपये. उलट मुदत तीस वर्षांची केली, तर हप्ता २४,१३९ रुपयांवर येतो. महिन्याला २,८५३ रुपयांची ही सवलत किती गोड वाटते! तिच्यासाठी व्याज मात्र २२ लाखांहून अधिक रकमेने वाढून ५६ लाख ९० हजारांवर जाते. मुदत वाढवून हप्ता कमी करण्यालाही मर्यादा आहे, हे येथे ध्यानात यावे: ३० लाखांवरील नुसते मासिक व्याजच २२,५०० रुपये आहे, त्याखाली हप्ता उतरला तर कर्ज कल्पांतापर्यंत फिटणार नाही.

ही केवळ गणिती कल्पना नव्हे. भारतातील बहुतेक गृहकर्जे तरत्या दराची असतात, म्हणजे बाजारातील दराबरोबर त्यांचा दर वरखाली होतो. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना अशी नवी कर्जे रिझर्व्ह बँकेच्या रेपो दरासारख्या बाह्य मानदंडाशी जोडणे आवश्यक झाले. त्यापूर्वी बँका आपल्या अंतर्गत दराचा आधार घेत, आणि दर उतरला तरी त्याचा लाभ जुन्या ऋणकोपर्यंत पोहोचावयास फार विलंब लागे. नवी व्यवस्था अधिक पारदर्शक होती; परंतु दोर दोन्ही बाजूंनी ओढला जातो. मे २०२२ च्या आरंभी ४ टक्के असलेला रेपो दर फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५० टक्क्यांवर गेला. अवघ्या दहा महिन्यांत अडीच टक्के!

समजा, २०२० च्या अखेरीस एखाद्याने ३० लाख रुपये ७ टक्के दराने वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता २३,२५९ रुपये. दोन वर्षांनी शिल्लक होती २८ लाख ५२ हजार. हिशेबाच्या सोयीसाठी दर एकदम साडेनऊ झाला असे धरू. आता महिन्याचे व्याजच २२,५७९ रुपये होते. हप्त्यातून मुद्दलाला मिळतात ६८० रुपये. हप्ता न वाढविता हे कर्ज फेडावयाचे, तर उरलेल्या अठरा वर्षांऐवजी सदतीस वर्षे लागतील. ठरल्या मुदतीत ते संपवावयाचे, तर हप्ता २७,६०६ रुपये करावा लागेल. प्रत्यक्षात धनको संस्थांची प्रवृत्ती हप्ता तोच ठेवून मुदत लांबविण्याकडे होती, कारण वाढलेल्या हप्त्याने ऋणको हबकतो आणि वाढलेल्या मुदतीचा त्याला पुष्कळदा पत्ताही लागत नाही. आपले कर्ज निवृत्तीच्या पलीकडे गेले, हे कित्येकांना खात्याचा उतारा मागविल्यावरच कळले असेल. १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने या गोष्टीत हस्तक्षेप केला. दर बदलताना हप्ता वाढवावयाचा, मुदत वाढवावयाची, की दोन्हींचा मेळ घालावयाचा, याची निवड ऋणकोला दिली पाहिजे. वाढीव मुदतीत हप्ता निदान व्याजाइतका तरी असला पाहिजे. आणि आजवर वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते यांचे विवरण दर तिमाहीस दिले पाहिजे, असे त्यात सांगितले आहे. २०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्याने खाली आला. ज्यांची मुदत लांबली होती, त्यांना तो उतार मुदत आखडण्यासाठी वापरता येतो, पण तशी मागणी लेखी केलेली बरी.

प्रक्रिया शुल्क, मुद्रांक शुल्क, नोंदणी, मूल्यांकन, वकिलाचा शोध-अहवाल हे खर्च आरंभीच द्यावे लागतात, म्हणून ते निदान दिसतात तरी. न दिसणारा एक खर्च सांगतो. कर्जाबरोबर एकरकमी हप्त्याची विमा पॉलिसी देऊन तिची रक्कम कर्जातच मिळविण्याची प्रथा आहे. विमा अवश्य असावा. कर्त्या माणसाच्या पश्चात कर्जाचा भार कुटुंबावर पडू नये, हे योग्यच. परंतु ६० हजारांचा विमा असा कर्जात घातला की वर्तमान उदाहरणातील दराने तो वीस वर्षांत १ लाख ३० हजारांना पडतो. १ ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्ज देणाऱ्या संस्थांना ‘मुख्य तथ्य विवरण’ नावाचे एक पत्रक ऋणकोला द्यावे लागते. त्यात शुल्के धरून येणारा वार्षिक दर दाखविलेला असतो. जाहिरातीतील दराऐवजी दोन संस्थांचे हे दर शेजारी ठेवून पाहावेत.

येथवर आपण केवळ रुपयांची बेरीज केली. अर्थशास्त्राच्या दृष्टीने ती पुरती प्रामाणिक नाही. आजचा रुपया व वीस वर्षांनंतरचा रुपया ही एकच वस्तू नव्हे. भाववाढ दरसाल ५ टक्के धरली, तर शिक्षिकेचा शेवटचा २६,९९२ रुपयांचा हप्ता आजच्या सुमारे १०,२०० रुपयांइतका भासेल. सर्व हप्ते असे आजच्या रुपयांत मांडले, तर त्यांची बेरीज ६५ लाखांच्या घरात न जाता ४१ लाख २८ हजारांच्या आसपास येते. म्हणजे ३० लाखांच्या कर्जाची वास्तविक किंमत ३५ लाख नसून सुमारे ११ लाख. ज्याची मिळकत भाववाढीबरोबर वाढत जाते, त्याला हे गणित मोठा दिलासा देते. ज्याची मिळकत थबकते, आजारपण वा बेकारी ज्याच्या वाट्यास येते, त्याच्या बाबतीत हप्ता हलका होत नाही. आणि २००२ च्या सरफेसी कायद्यान्वये कर्ज थकीत ठरल्यावर साठ दिवसांची नोटीस देऊन न्यायालयात दावा न लावताही तारण घराचा ताबा घेण्याची कार्यवाही बँकेस सुरू करता येते.

प्राप्तिकरातील सवलतीचाही असाच नीट विचार व्हावा. स्वतः राहत असलेल्या घराच्या कर्जावरील व्याजाची वर्षाला २ लाखांपर्यंतची वजावट जुनी करपद्धती निवडणाऱ्यासच मिळते. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचे व्याज २ लाख ६८ हजार आहे. म्हणजे त्यालाही ती पुरती झाकत नाही. ‘करासाठी कर्ज चालू ठेवा’ हा सल्ला देणारे शंभर रुपये व्याज भरून वीस किंवा तीस रुपये वाचविण्यास सांगत असतात.

कर्ज मुदतीपूर्वी फेडण्यात मात्र खरी शक्ती आहे, आणि तिचा प्रभाव वेळेवर अवलंबून असतो. आपल्या शिक्षिकेने पहिल्या वर्षाच्या अखेरीस १ लाख रुपये अधिक भरले व हप्ता तोच ठेवला, तर एकोणीस हप्ते कमी होतात आणि सुमारे ४ लाख १३ हजार रुपये व्याज वाचते. हाच एक लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरला, तर वाचतात जेमतेम ५४ हजार. रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्ये तरत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड घेण्यास बँकांना मनाई केली, त्यामुळे हा मार्ग मोकळा आहे. रक्कम भरताना ‘हप्ता कमी न करता मुदत कमी करावी’ असे स्पष्ट लिहून द्यावे. अर्थात, अडीअडचणीसाठी सहा महिन्यांच्या खर्चाची तजवीज हाताशी न ठेवता सारी शिल्लक कर्जात ओतणे मी शहाणपणाचे मानणार नाही. भिंतीत गेलेला पैसा रुग्णालयाच्या दारात परत मिळत नाही.

शेवटचा हप्ता भरल्यावरही दोन कामे उरतात. घराचे मूळ दस्तऐवज बँकेकडे असतात. १ डिसेंबर २०२३ पासून पूर्ण फेडीनंतर तीस दिवसांच्या आत ते परत करणे धनको संस्थेवर बंधनकारक आहे, आणि तिच्या दोषाने विलंब झाल्यास दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई तिने द्यावयाची आहे. दुसरे काम म्हणजे नोंदणी झालेला बोजा असेल, तर तो उतरविला गेल्याची खातरजमा करणे. निबंधकाच्या कचेरीत याकरिता एक फेरी मारावी लागते, आणि कागदपत्रांची यादी कर्ज घेतानाच करून ठेवली असेल तर ती फेरी एकच पुरते.