निलंबन, निर्वाहभत्ता आणि न्यायालय

दौंडच्या रेल्वेत असो, शिरूरच्या एखाद्या कचेरीत असो, किंवा रांजणगाव-कुरकुंभच्या कारखान्यांत असो. एखादा मनुष्य 'सस्पेंड' झाला की गाव त्याला दोषी ठरवून मोकळे होते. वाणी उधारी आखडतो, मुलीची सोयरीक लांबणीवर पडते. वास्तविक निलंबन ही कायद्याच्या दृष्टीने शिक्षाच नव्हे. चौकशी निर्वेध व्हावी, साक्षीदारांवर दडपण येऊ नये, म्हणून नोकराला काही काळ कामापासून दूर ठेवणे, एवढाच तिचा अर्थ. नोकरी तुटलेली नसते. म्हणूनच निर्वाहभत्ता द्यावा लागतो. साऱ्या प्रकरणाची किल्ली आमच्या मते या भत्त्यातच आहे.

न्यायालय यात काय पाहते? कोर्टात गेले की चौकशी पुन्हा पहिल्यापासून होईल, अशी पुष्कळांची समजूत असते. ती खरी नव्हे. निर्णय कोणता झाला यापेक्षा तो कोणत्या वाटेने झाला, हे उच्च न्यायालय पाहते. दोषारोप लेखी दिले काय? कागदपत्रे दाखविली काय? साक्षीदारांची उलटतपासणी करू दिली काय? मुळात काही पुरावा होता काय? शिक्षा कसुराच्या मानाने अगदीच भयंकर असेल, तरच न्यायालय तीत हात घालते. कारखान्यातील कामगाराचा आधार थोडा अधिक आहे. औद्योगिक विवाद कायद्यात १९७१ साली कलम ११-अ आले आणि पुरावा स्वतः तपासून बडतर्फीऐवजी हलकी शिक्षा देण्याचा अधिकार कामगार न्यायालयांना मिळाला. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेतही न्यायाधिकरणाला तसा अधिकार आहे.

परंतु वाट सरळ असून भागत नाही. तिच्यावरून चालणाऱ्याच्या पोटात भाकरी हवी. मध्य प्रदेशातील घनश्यामदास श्रीवास्तव या सरकारी नोकराला भत्ता न मिळाल्यामुळे दूरच्या चौकशीला जाता आले नाही. चौकशी त्याच्या पाठीमागे उरकून त्याला नोकरीवरून काढले. १९७३ साली सर्वोच्च न्यायालयाने ती कारवाई रद्द ठरविली.

आपल्या राज्यातील प्रकरण याहून बोलके आहे. पूर्वीच्या मुंबई नागरी सेवा नियमांत अशी तरतूद होती की, फौजदारी न्यायालयाने शिक्षा दिलेल्या निलंबित नोकराला, त्याचे अपील चालू असतानाही, महिन्याला एक रुपया निर्वाहभत्ता द्यावा! एक रुपयात कोणाचा निर्वाह होतो? 'महाराष्ट्र राज्य विरुद्ध चंद्रभान' या खटल्यात १९८३ साली सर्वोच्च न्यायालयाने ही तरतूद घटनाबाह्य ठरविली. अपील चालू आहे तोवर प्रकरण संपलेले नाही आणि माणसाला उपाशी ठेवून त्याचा अपिलाचा हक्क शाबूत राहत नाही, हे त्यातले मर्म.

आज ३०० वा अधिक कामगारांच्या कारखान्यात, संहितेप्रमाणे, पहिले ९० दिवस वेतनाच्या ५० टक्के भत्ता मिळतो. विलंबाला कामगार स्वतः कारण नसेल तर पुढे ७५ टक्के. चौकशीही साधारणपणे ९० दिवसांत संपवावयाची असते. सरकारी नोकरांविषयी सर्वोच्च न्यायालयाने २०१५ साली अजयकुमार चौधरी प्रकरणात सांगितले की, तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिले नाही तर निलंबन पुढे चालू ठेवता येणार नाही. दिले असेल तर मुदतवाढीची कारणे लेखी नोंदवावी लागतील.

निलंबित बांधवांना आमचे सांगणे असे की, रागाच्या भरात चौकशीवर बहिष्कार टाकू नका. प्रत्येक मागणी लेखी करा आणि पोच घ्या. दुसरीकडे नोकरी करीत नसल्याचा दाखला वेळेवर द्या. त्यावाचून भत्ता अडतो. हीच कागदे पुढे न्यायालयात बोलतात.

आणि नगरवासीयांना विनंती अशी की, जो निकाल अजून कायद्याने दिलेला नाही, तो आपण ओट्यावर बसून देऊ नये. निलंबित माणसाला भत्ता देणे मालकाचे काम आहे. त्याला माणसांत ठेवणे आपले.