डबक्यात उडी मारा, दुसऱ्या जगात निघा!

पावसाळ्यात डबकं दिसलं की तुझे पाय काय करतात? बरोब्बर! धप्पकन उडी! मग चपलेत चिखल, गणवेशावर ठिपके आणि दारातच आईचा चढलेला आवाज.

आता ऐक हं. एक असं रान आहे, जिथलं डबकं तुला भिजवतच नाही. ते तुला उचलून थेट दुसऱ्या जगात नेऊन ठेवतं!

थांब, नकाशा काढू नकोस. हे रान एका गोष्टीतलं आहे. सी. एस. लुईस नावाच्या लेखकाने ते रचलं. 1955 साली आलेल्या 'द मॅजिशियन्स नेफ्यू' या पुस्तकात ते सापडतं. नार्निया नावाच्या जादूच्या देशाबद्दल त्याने सात पुस्तकं लिहिली, त्यातलंच हे एक. रानाचं नाव 'वुड बिटवीन द वर्ल्ड्स'. आपण म्हणू, जगांच्या मधलं रान.

जगांच्या मधलं म्हणजे काय बुवा?

चाळ पाहिली आहेस ना? एका रांगेत खोल्या आणि समोरून लांबच लांब गॅलरी. एका खोलीत कुकरची शिट्टी, दुसरीत टीव्ही, तिसरीत बाळाचं भोकाड. गॅलरी मात्र कुणाचीच खोली नाही! पण तिच्यातून कुठल्याही खोलीत शिरता येतं. हे रान म्हणजे अशीच गॅलरी. झाडांखाली थोड्या थोड्या अंतरावर एकेक डबकं. प्रत्येक डबकं म्हणजे एकेका जगाचं दार!

आणि ओळख पाहू, या गॅलरीत काय काय घडतं?

काहीच नाही! मला तर हीच सगळ्यात मोठी गंमत वाटते. पक्षी नाहीत, किडे नाहीत, वारासुद्धा नाही. परीक्षेच्या वर्गात निदान पंखा तरी कुरकुरतो. इथे तेवढंही नाही! इतकं शांत, की झाडं मुळांनी पाणी पितायत हेसुद्धा जाणवतं म्हणे.

ही थाप वाटली ना? पाणी पिणारी झाडं मात्र अगदी खरी! पानांना इवलीइवली भोकं असतात. त्यांतून वाफ बाहेर पडते आणि खालचं पाणी वर ओढलं जातं. शहाळ्यातलं पाणी तू नळीने ओढतोस ना, तसंच. घरी बघायचंय? पांढऱ्या शेवंतीचा दांडा निळ्या शाईच्या पाण्यात ठेव. काही तासांनी, नाहीतर दुसऱ्या दिवशी सकाळी बघ. पाकळ्यांवर निळ्या रेघा!

या रानातला उजेडही हिरवागार. तोही नुसता जादूचा नाही हं! डोक्यावर पानांचं दाट छप्पर आहे. उन्हातले लाल आणि निळे रंग पानं गट्टम करतात. हिरवा मात्र थोडा ताटात टाकतात, आपण कारल्याची भाजी टाकतो तसा. तो उरलेला हिरवा उजेड खाली झिरपतो. एखादं कोवळं पान उन्हासमोर धरून बघ, पटेल.

तर या रानात डिगरी आणि पॉली पोचले. दोघं लंडनमध्ये राहणारी मुलं. डिगरीच्या मामाने एका जादूच्या धुळीतून अंगठ्या बनवल्या होत्या, पिवळ्या आणि हिरव्या. पिवळी घातली की तुम्ही रानात. हिरवी घालून डबक्यात उडी मारली की रानातून बाहेर, ज्या जगाचं डबकं त्या जगात! मामाला मात्र वाटत होतं, पिवळी दुसऱ्या जगात नेते आणि हिरवी घरी आणते. स्वतःची अंगठी स्वतःलाच कळली नव्हती, तरी स्वतः न जाता त्याने मुलांना पुढे पाठवलं. भित्रा कुठला!

मुलांनी आधी पिवळ्या अंगठ्या घालून एका नव्या डबक्यात उडी मारली. हात धरले, डोळे मिटले, एक-दोन-तीन! काय झालं असेल? पचाक्! पाणी घोट्याएवढंच! चुकीची अंगठी. मग घातली हिरवी.

या नव्या डबक्याकडे निघण्याआधी मात्र पॉली ओरडली होती. आपल्या घरचं डबकं कुठलं, त्याची खूण कुठे केलीय?

बाप रे! दोघांचे चेहरे पांढरेफटक. अरे, सगळी डबकी सारखी, सगळी झाडं सारखी! लग्नाच्या हॉलबाहेर शंभर निळ्या स्लिपर असतात, त्यातून आपली शोधायची म्हणजे कसं होतं? चुकलं तर फार फार तर दुसऱ्याची चप्पल पायात येते. इथे चुकलं तर दुसरं जग!

डिगरीने खिशातला चाकू काढला. हात थरथरत होता. डबक्याच्या काठचं गवत त्याने लांब पट्टीसारखं सोललं. खालची तांबूस माती उघडी पडली. हिरव्यागार गवतात लालसर पट्टी, लांबूनही दिसेल अशी. एवढी मोठी जादू आणि घरी परतायचा भरवसा कशावर? तर मातीच्या एका रेघेवर!

अरे हो, एक सांगायचंच राहिलं. त्या रानात आपण कोण, कुठून आलो, हेच विसरायला होतं. रविवारी दुपारी जेवून पंख्याखाली लोळल्यासारखं सुस्त वाटतं. ही दोघं तर एकमेकांनाही विसरली होती! मग त्यांना आठवण कुणी करून दिली असेल?

एका गिनीपिगने! मामाने त्याच्या पाठीवर पिवळी अंगठी फितीने बांधून त्याला मुलांच्या आधीच पाठवलं होतं. तो तिथे गवतात आरामात हुंगत फिरत होता. अंगठी दिसली आणि मुलांना सगळं झर्रकन आठवलं.

त्याला मुलांनी घरी नेलं का? छे! नेला असता तर मामाने त्याच्यावर पुन्हा काहीतरी भलतंच करून पाहिलं असतं. म्हणून त्याला तिथेच ठेवलं. गवत भरपूर, मांजर एकही नाही!