लसीची डाळ शिजली!

लस फुकट. नर्सताई हजर. कॅम्प गावातच. तरी बाळांना घेऊन फारसं कोणी येईना! मग आयांना काय देऊ केलं, माहीत आहे का? एक किलो डाळ!

थट्टा नाही हो. राजस्थानात उदयपूरजवळच्या खेड्यांत सेवा मंदिर ही संस्था आणि अभिजित बॅनर्जी, एस्थर डुफ्लो ही अर्थतज्ज्ञ मंडळी यांनी हा प्रयोग खरंच केला. काही गावं होती तशीच ठेवली. तिथे सगळ्या लसी पूर्ण झालेली मुलं निघाली फक्त ६ टक्के. काही गावांत न चुकता कॅम्प भरवले, आकडा गेला १८ वर. उरलेल्या गावांत कॅम्पसोबत दर लसीला किलोभर डाळ आणि कोर्स पूर्ण झाला की ताटांचा सेट. थेट ३९ टक्के!

'पण डाळीचे पैसे कोण भरणार?' असं विचारणारे काका प्रत्येक मीटिंगला असतातच. काका, बिल बघा. एका मुलाचं लसीकरण पूर्ण करायला नुसत्या कॅम्पमध्ये पडले २२०२ रुपये, डाळीसकट ११०२! कारण नर्सताईंचा दिवसाचा पगार चार मुलं आली तरी तेवढाच आणि चाळीस आली तरी तेवढाच. गर्दी वाढली, दरडोई खर्च निम्म्यावर. गरिबी हटवण्याचे उपाय असे प्रयोग करून तपासल्याबद्दल बॅनर्जी-डुफ्लो जोडीला मायकेल क्रेमर यांच्यासोबत २०१९ चं नोबेल मिळालं.

फुकट ते पौष्टिक? केनियाला विचारा! तिथे दवाखान्यांत गरोदर बायकांना मलेरियापासून बचाव करणाऱ्या मच्छरदाण्या दिल्या. फुकट होत्या तोवर हातोहात खपल्या. किंमत फक्त ६० सेंट लावली आणि घेणाऱ्यांचं प्रमाण चक्क ६० टक्के पॉइंटनी घसरलं. बरं, फुकटची मच्छरदाणी कोपऱ्यात पडून राहिली का? छे! विकत घेणारीइतकीच फुकट मिळालेलीही ती वापरत होती. हेल्थ बजेटमध्ये कोटींचे आकडे कितीही चमकोत, खेळ फिरतो तो चिल्लरवर!

आता जरा सीरियस. १९७१, पश्चिम बंगालमधल्या बनगावची निर्वासित छावणी, कॉलऱ्याची साथ, सलाइनच्या बाटल्या संपत आलेल्या. डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ-साखरेचं पाणी ड्रममध्ये कालवलं आणि नातेवाइकांच्याच हातून रुग्णांना पाजलं. मृत्यूंचं प्रमाण ३० टक्क्यांच्या घरातून ४ टक्क्यांच्या खाली आलं.

पण हे पाणी घरोघरी पोचवायचं कसं? बांगलादेशातल्या ब्रॅक संस्थेने १९८० पासून दहा वर्षं बायका दारोदार पाठवल्या. तीन बोटांची चिमूट मीठ, मूठभर गूळ, अर्धा शेर पाणी. चुलीपाशी बसून, आईच्याच हातून करून घ्यायचं. खरी धमाल पुढे आहे. काही आठवड्यांनी तपासनीस काही घरांत जाऊन आईची तोंडी परीक्षा घ्यायचा. तिला जितकं आठवेल, तितका शिकवणारीचा मोबदला! परीक्षा आईची, मार्क ताईंच्या पाकिटात. १ कोटी २० लाखांहून जास्त घरं अशी शिकली. हा फॉर्म्युला आपल्याकडच्या क्लासवाल्यांना लावायला हवा, असं आमचं प्रामाणिक मत!

पुण्याचं घोडं कुठे न्हालं, माहीत आहे का? आफ्रिकेत! सायरस पूनावालांच्या स्टडफार्मवरचे रिटायर घोडे सीरम बनवण्यासाठी मुंबईच्या हाफकिन संस्थेला जायचे. मग आपणच का बनवू नये, म्हणून १९६६ मध्ये सीरम इन्स्टिट्यूट उभी राहिली. २०१० मध्ये बुर्किना फासोत मेंदुज्वराची जी नवी लस टोचली गेली, ती याच पुण्याची. डोसची किंमत तेव्हा ५० सेंटच्या आत.

मुंबईही मागे नाही! एड्सच्या औषधांचा वर्षाचा खर्च १० हजार डॉलरच्या वर होता, तेव्हा २००१ मध्ये सिप्लाच्या युसुफ हमीद यांनी ३५० डॉलरची ऑफर टाकली. दिवसाला एक डॉलरसुद्धा नाही. भल्याभल्या कंपन्यांना घाम फुटला.

या सगळ्यासाठी पैसा आणायचा कुठून? गॅबॉनने मोबाइल कंपन्यांवर टॅक्स बसवला. फिलिपिन्सने २०१२ मध्ये सिगारेट-दारूवरचा कर वाढवून त्यातला मोठा वाटा आरोग्याकडे वळवला. फ्रान्सने २००६ मध्ये विमानाच्या तिकिटावर छोटी पट्टी लावली. त्यातून गरीब देशांसाठी एड्स, टीबी, मलेरियाची औषधं आली. झुरके तुमचे, उपचार सर्वांचे!

आणि ही शेवटची गंमत, स्वतः बघण्याजोगी. पोलिओच्या कुपीवर एक गोल आणि त्यात चौकोन छापलेला असतो. लसीला ऊन-उकाडा लागला की चौकोन काळसर होत जातो. काही सेंटांचा हा स्टिकर! त्यामुळे चांगली लस नुसत्या संशयावरून फेकावी लागत नाही. पुढच्या वेळी बाळाला घेऊन बूथवर गेलात की ताईंना कुपी दाखवायला सांगा. आतला चौकोन बाहेरच्या गोलापेक्षा फिका दिसला, तर बाळाला बिनधास्त 'आ' करायला लावा!