हापूस राखणारे नेपाळी हात

हापूसची पेटी घरी आली की आपण आधी वास घेतो, मग भाव विचारतो. पेटी रत्नागिरीची असेल, तर तो आंबा राखणारे आणि उतरवणारे हात बऱ्याचदा नेपाळचे असतात.

२००१ मध्ये रत्नागिरी जिल्ह्याची लोकसंख्या सुमारे १६ लाख ९७ हजार होती. २०११ मध्ये ती १६ लाख १५ हजारांवर आली. दर हजार पुरुषांमागे १,१२२ स्त्रिया, कारण कमावते पुरुष मुंबईला. गावात उरले म्हातारे आईवडील आणि हापूसची कलमं. आता मोहोरापासून माकडं हाकलायची कोणी, फवारणी करायची कोणी, उंच झाडावर चढून झेल्याने आंबा अलगद उतरवायचा कोणी?

ही कामं आज नेपाळी गुरखे करतात. हिवाळ्याच्या तोंडावर ते येतात, काही जण बायकामुलांसकट. बागेतल्याच खोपटात संसार मांडतात आणि हंगाम संपला की परततात. १९५० च्या भारत-नेपाळ करारामुळे त्यांना इथे राहायला, काम करायला मुभा आहे.

बंदरावरही तेच. मिरकरवाड्याच्या बोटींवर नेपाळी खलाशी जाळी ओढताना दिसतात. ज्या देशाला समुद्रच नाही, तिथली ही मुलं! पोहण्यापासून सगळं इथेच शिकायचं. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते, तेव्हा अनेक जण घरी जातात. ते वेळेवर परतले नाहीत, तर बोट किनाऱ्यालाच राहते.

मार्च २०२० मध्ये ऐन हंगामात टाळेबंदी लागली, नेपाळनेही सीमा बंद केली. आंबा उतरला तरी मजूर बागांतच अडकले. घरी जायची वाट कधी उघडेल, हे कोणालाच ठाऊक नव्हतं.

खरं तर कोकणी माणसाला हे नवं नाही. गिरणगावात दाटीवाटीच्या खोलीत राहून गावी मनीऑर्डर पाठवणारा चाकरमानी प्रत्येक घरात होता. नेपाळी राखणदार हा दुसऱ्या कुठल्या तरी गावाचा चाकरमानीच. तरी गावात चोरी झाली की पहिला संशय त्याच्यावर, हे मला खटकतं. आपल्या बागेत तो राहत असेल, तर त्याची रीतसर नोंद, लेखी मजुरी, विमा आणि बरोबर आलेल्या मुलांची शाळा, एवढं तरी मालकाने बघायलाच हवं. पुढच्या हिवाळ्यात तो दुसऱ्याच्या बागेत गेला, तर आपल्या कलमांखाली कोण उभं राहणार?